चहा, साहेब

सत्तर सालानंतरची गोष्ट. सांगलीच्या एका छोट्या नाटक कंपनीत मी विनोदी कामं करायचे. मोलकरीण, खाष्ट आत्या, भाजीवाली. दात पुढं, अंगानं थोराड, आवाज घोगरा. नायिकेचं काम मला कुणी देणार नव्हतं आणि मलाही ते नको होतं. लोक हसले की माझ्या अंगावर मूठभर मांस चढायचं.

कंपनीचा मालक तोच नायक. देखणा, खणखणीत आवाजाचा, पण त्याला हशा घेता यायचा नाही. आमच्या एका नाटकात मी पाहुण्यांसमोर त्याला चहा द्यायचे. लिहिलेलं वाक्य एवढंच, "चहा, साहेब." पण मी कप ठेवायचे, पुन्हा उचलायचे, बशीत ओतून घोटभर प्यायचे, गोड आहे अशी मान हलवायचे, पदरानं कपाचा काठ पुसायचे आणि मग तो त्याच्यापुढं सरकवायचे. त्यावर तो पाहुण्यांना म्हणायचा, "बघितलीत आमच्या घरची शिस्त!" थिएटर कोसळायचं. तो हशा आपलाच, असं त्याला खरंच वाटायचं.

तासगावात एका द्राक्षबागायतदारानं आमचा खेळ ठेवला होता. साताऱ्याहून एसटीनं माझी आई आली होती. तिनं मला रंगमंचावर पहिल्यांदाच बघितलं. खेळ संपल्यावर यजमान सगळ्यांचा नारळ देऊन सत्कार करत होते. माझी पाळी आली तसा मालक माईकवर म्हणाला, "हिचा सत्कार कशाला? हिला काही करावंच लागत नाही. देवानं तोंडच तसं दिलंय."

मांडव हसला. आईनं मान खाली घातली. तिचेच दात घेऊन मी जन्मले होते.

पुढच्या तालमीला त्यानं जखमेवर मीठ चोळलं. "चहाच्या वेळी फार वेळ खातेस तू. यापुढं लिहिलंय तेवढंच करायचं."

"बरं," मी म्हणाले. "तुमी म्हणाल तसं."

पुढचा खेळ कराडजवळच्या एका साखर कारखान्यावर होता, रविवारी दुपारी. कामगार बायकापोरांसकट आले होते. मी कप ठेवला. "चहा, साहेब," म्हणाले आणि हात बांधून उभी राहिले.

तो थांबला. मी काहीतरी करीन म्हणून वाट बघत राहिला. शेवटी म्हणाला, "बघितलीत आमच्या घरची शिस्त!"

कुणीच हसलं नाही. मागून एक जण ओरडला, "कसली शिस्त रं? चा तर दिलाय की तिनं!" आता मात्र मांडव फुटला, पण त्याच्यावर. घामानं त्याच्या कपाळावरचा रंग ओघळायला लागला. माझ्याकडं वळून तो दात आवळून पुटपुटला, "कर की काहीतरी!"

मी हलले नाही. जिवाला इतकं गार आयुष्यात कधी वाटलं नव्हतं. पुढचे सगळे प्रवेश मी तसेच केले, सरळ, पाठ करून आलेल्या शाळकरी पोरीसारखे.

खेळ संपल्यावर तो अंगावर धावून आला. "नाटक पाडलंस माझं!"

"एक शब्द चुकला आसंल तर दाखवा."

तो "उद्यापासून येऊ नकोस," म्हणाला.

"कोण येतंय?" मी म्हणाले.

दुसऱ्या कंपनीनं मला लगेच घेतलं, आणि पुढं कितीतरी वर्षं मी लोकांना हसवलं. पण त्याचं आणि माझं अजून मिटलं नव्हतं. त्याची कंपनी साताऱ्यात आली तेव्हा मी तिकीट काढून गेले. नव्या मोलकरणीला दाद दिली. तो बोलायला लागला की मात्र नुसती बघत राहायचे, चेहऱ्यावरची रेघ न हलवता. त्यानं मला ओळखलं आणि ऐन प्रेमाच्या प्रवेशात वाक्य विसरला.

बाहेर पडताना तो दारातच भेटला. कसनुसं हसत म्हणाला, "कसं झालं?"

"त्वांड बरं दिसत हुतं," मी म्हणाले आणि पायऱ्या उतरले.

जास्त बोलले असं मला आजही वाटत नाही. थोडं कमीच पडलं.