तारीख न ठरलेल्या निवडणुकीची तयारी

जर्मनीतल्या ब्राउनश्वाइग शहरात एका चर्चच्या सभागृहात दर शनिवारी सकाळी युक्रेनहून आलेल्या लोकांसाठी कॉफी असते. गेल्या ऑक्टोबरात अशाच एका शनिवारी सुलेखा बोंदारेंको तिथे गेली, कोपऱ्यातलं टेबल ओढून खिडकीशी आणलं, त्यावर लॅपटॉप आणि एक निळी फाईल ठेवली आणि पुढे पुठ्ठा उभा केला. त्यावर युक्रेनियनमध्ये मोठ्या अक्षरात लिहिलं होतं, ‘निवडणूक होईल तेव्हा तुमचं नाव यादीत असेल का?’

सुलेखा मूळची मिरजेची, वासुदेव गोगट्यांची थोरली मुलगी. १९८७ साली शिष्यवृत्ती मिळवून तेव्हाच्या सोव्हिएत संघात, दोनेत्स्कला रसायन अभियांत्रिकी शिकायला गेली. वर्गातल्या मिकोलाशी तिने लग्न केलं. ज्या देशात शिकायला गेली तो तिच्या डोळ्यांदेखत मोडला, त्या जागी युक्रेन उभा राहिला, पण ती हलली नाही. तिने तिथलं नागरिकत्व घेतलं आणि खाणींच्या एका छोट्या गावात शाळेत गणित शिकवू लागली. तिकडच्या रीतीने नावापुढे वडिलांचं नाव लागून ती सगळ्या गावाची ‘सुलेखा वासुदेविव्ना’ झाली. मिरजेत वासुदेवरावांना हे कळलं तेव्हा ते पोट धरून हसले होते. “माझं नाव कोळशाच्या खाणीपर्यंत पोचलं म्हणायचं,” असं ते भेटेल त्याला सांगत.

मिकोला २०२१ मध्ये आजारपणात गेला. पुढच्याच वर्षी युद्ध आलं. भाचा मयुरेश ब्राउनश्वाइगला मोटारींच्या डिझाइनचं काम करतो. तो गाडी घेऊन पोलंडच्या सीमेवर गेला आणि आत्याला घेऊन आला. तेव्हापासून ती त्याच्या घराजवळच एका खोलीच्या घरात राहते.

टेबल मांडून दहा मिनिटं झाली असतील, तोच कॉफीचं सगळं बघणाऱ्या फ्राऊ हार्टविग जवळ आल्या. बाई मनाने चांगल्या, पण नियमाला पक्क्या.

“इथे राजकारण चालत नाही, सुलेखा.”

“मी कुठे कोणाला मत द्या म्हणतेय? आपला इथला पत्ता वकिलातीत नोंदवा, एवढंच सांगतेय. त्यावरूनच पुढे इथल्या मतदार यादीत नाव येतं.”

“पण निवडणूक जाहीर झालीय का?”

“नाही. युद्धकाळात घेता येत नाही, असा आमचा कायदा आहे.”

“मग आत्ता कशासाठी?”

“जाहीर झाल्यावर वेळ उरत नाही, म्हणून.”

फ्राऊ हार्टविगनी नकारार्थी मान हलवली आणि स्वतःच्या हातांनी टेबल परत कोपऱ्यात नेऊन ठेवलं. सुलेखाने पुठ्ठा काखेत मारला आणि ती तडक मयुरेशकडे जेवायला गेली.

“आत्या, जाऊ दे ना,” मयुरेश म्हणाला. “आल्झो, म्हणजे बघ, निवडणुकीचा पत्ता नाही आणि यादी कसली करतेस? इथे पाहुणे आहोत आपण. उद्या कोणी तक्रार केली तर?”

“कसली तक्रार? बाई लोकांना पत्ते लिहायला शिकवते, अशी?”

नंदिनीने, त्याच्या बायकोने, ताटात आणखी भात वाढला. “आत्या, खरं सांगा, तुम्हाला एवढं काय लागून राहिलंय?”

सुलेखाने घास खाली ठेवला. हे तिने कधी नीट सांगितलं नव्हतं.

२००४ सालची राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक, दुसरी फेरी. गावच्या मतदान केंद्राच्या समितीवर शाळेतल्या चार शिक्षिका होत्या, सुलेखा त्यांतली एक. मतदान झालं, रात्रभर मोजणी झाली, आणि सकाळी सातच्या सुमाराला समितीच्या अध्यक्षीणबाईंनी सह्यांसाठी निकालाचा तक्ता फिरवला. आठशे बासष्ट माणसं मत देऊन गेली होती. सुलेखाने यादीतल्या मतदारांच्या सह्या दोनदा मोजल्या होत्या. तक्त्यावर आकडा होता बाराशे चाळीस.

“बाई, हा आकडा चुकलाय,” ती म्हणाली होती.

“चुकलेला नाही. सही कर आणि घरी जाऊन झोप.”

“मी गणित शिकवते. उद्या पोरांपुढे कोणत्या तोंडाने उभी राहू?”

बाकी सगळ्यांनी खाली मान घालून सह्या केल्या. सुलेखाने केली नाही. सदस्याला आपलं वेगळं मत लेखी नोंदवता येतं, हे तिने नियमांच्या पुस्तिकेत वाचलं होतं. तिने कागद घेतला, दोन्ही आकडे लिहिले, खाली नाव लिहिलं आणि तो तक्त्याला टाचणीने जोडला. महिनाभर गावात तिच्याशी कोणी धड बोललं नाही. मिकोलाला खाणीत वरच्या कामावरून काढून खाली पाठवलं. तो घरी येऊन म्हणाला, “आता तू काळी की मी काळा ते बघू,” आणि दोघं हसले. देशभर लोक रस्त्यावर उतरले होते. न्यायालयाने ती फेरी रद्द केली, डिसेंबरात पुन्हा मतदान झालं, आणि या वेळी गावच्या तक्त्यावरचा आकडा बरोबर होता.

“मग तुम्ही जिंकलातच की,” नंदिनी म्हणाली.

“तेव्हा जिंकले. दहा वर्षांनी काय झालं, ते ऐक.”

२०१४ च्या मे महिन्यात पुन्हा राष्ट्राध्यक्षाची निवडणूक होती. आधीचा राष्ट्राध्यक्ष देश सोडून पळून गेला होता. सुलेखा आता समितीची सचिव होती. मतदानाच्या चार दिवस आधी रशियाच्या बाजूची, बंदुका घेतलेली माणसं शाळेत आली. त्यांनी मतदार यादी नेली, शिक्का नेला आणि दाराला कुलूप लावलं. गावात मतदान झालंच नाही. त्या दिवशी तिला सही नाकारायलासुद्धा कोणी कागद पुढे केला नाही. उन्हाळ्यात ती आणि मिकोला दोन बॅगा घेऊन देशाच्या आतल्या भागात, पोल्ताव्हा शहरात गेले. ऑक्टोबरात संसदेची निवडणूक आली. सुलेखा चांगली साडेआठला केंद्रावर हजर झाली. खिडकीतल्या मुलीने यादी वरखाली पाहिली. नाव नव्हतं. गाव सोडून आलेल्यांनी मतदानाची जागा बदलण्यासाठी अर्ज करायचा होता, आणि त्याची मुदत उलटून गेली होती.

“मला, मला माहीत नव्हतं!” सुलेखाचा आवाज चढला. “आयुष्यभर दुसऱ्यांच्या याद्या तपासल्या मी. बंदूकवाल्यांनी एकदा माझं मत नेलं, ते समजू शकते. दुसऱ्यांदा मीच घालवलं. तेव्हाच ठरवलं, माझ्या ओळखीतलं एकही माणूस त्या खिडकीवरून तसं परत जाणार नाही.”

त्यांची अकरा वर्षांची मुलगी अन्वी इतका वेळ नुसती ऐकत होती. तिने जर्मनमध्ये विचारलं, मग टेबल रस्त्यावर का नाही मांडायचं? मयुरेशने कपाळाला हात लावला. सुलेखाने मात्र तिच्या पाठीवर थाप मारली.

सोमवारी ती शहराच्या ओर्डनुंग्सआम्टमध्ये गेली. रस्त्यावर काही मांडायचं तर परवानगी तिथूनच मिळते.

“टेबलासाठी परवानगी लागेल,” समोरचा तरुण कारकून म्हणाला. “अर्ज, नकाशा आणि काही आठवडे.”

“खुर्चीला?”

“खुर्चीलाही.”

“मी नुसती उभी राहिले, हातात फाईल घेऊन, तर?”

कारकुनाने जरा विचार केला. “उभं राहायला परवानगी लागत नाही.”

“गेनाऊ, अगदी बरोबर,” सुलेखा म्हणाली. “एवढंच हवं होतं.”

पुढच्या शनिवारपासून ती सभागृहासमोरच्या ट्रामच्या थांब्याजवळ उभी राहू लागली. गळ्यात दोरीने अडकवलेला पुठ्ठा, हातात फाईल, खांद्यावर लॅपटॉपची पिशवी. कॉफीला येणारा प्रत्येक माणूस तिच्यासमोरूनच जायचा. वय छप्पन्न, गुडघे दुखरे, पण चार तास ती बसायची नाही. कोणी थांबलं की लॅपटॉप भिंतीच्या कठड्यावर ठेवून हॅम्बुर्गच्या वकिलातीचा अर्ज उघडायची आणि एकेक रकाना भरून घ्यायची. पहिल्या शनिवारी तीन जण थांबले. दुसऱ्या शनिवारी पाऊस होता, तरी सात.

तिसऱ्या शनिवारी पेत्रो आला. पन्नाशीचा, सुलेखाच्याच भागातला, इथे गोदामात काम करणारा. त्याने पुठ्ठा वाचला आणि मोठ्याने, सगळ्यांना ऐकू जाईल असं बोलला.

“सुलेखा वासुदेविव्ना, कोणाची थट्टा चालवलीय? आपल्या गावांत दुसऱ्यांचे झेंडे आहेत. घर नाही, रस्ता नाही, शाळा नाही. मत कुठल्या गावाचं देऊ मी?”

“गावाचं नाही, देशाचं दे.”

“आणि निवडणूक झालीच नाही तर?”

“तर मी उभी होते, एवढं तरी राहील.”

“तुमचा तर हा देशही नव्हता,” पेत्रो म्हणाला.

सुलेखा एक पाऊल पुढे आली. “पेत्रो, तू त्या देशात जन्माला आलास. तुला तो आयता मिळाला. मी अर्ज करून, परीक्षा देऊन, भारताचा पासपोर्ट परत करून घेतलाय. मला कोणी सांगू नये तो कोणाचा ते. आणि तुझ्या मताशिवाय जर कोणी तुझ्या गावाचं काय करायचं ते ठरवलं, तर मग इथे येऊन ओरडू नकोस.”

ट्राम आली. पेत्रो चढला. थांब्यावरची माणसं इकडेतिकडे बघू लागली. सुलेखाने फाईल मिटली. फार बोलले का, असं तिला वाटलं. दोन शनिवार तो फिरकला नाही, तेव्हा तर खात्रीच पटली.

नोव्हेंबरच्या शेवटच्या शनिवारी कडाक्याची थंडी होती. नंदिनी थर्मास घेऊन आली आणि जाण्याऐवजी तिथेच थांबून कागद धरू लागली. थोड्या वेळाने फ्राऊ हार्टविग बाहेर आल्या. त्यांनी सुलेखाच्या हातात गरम कॉफीचा मग दिला.

“टेबल देता येत नाही,” त्या म्हणाल्या, “पण दाराशी उभ्या राहा. तिथे वारा लागत नाही.”

“इथून लोक दिसतात,” सुलेखा म्हणाली. “आभारी आहे. मी इथेच बरी.”

साडेअकराच्या ट्राममधून पेत्रो उतरला. त्याने चाकाच्या खुर्चीतून आपल्या आईला आणलं होतं. म्हातारी ऐंशीच्या पुढची, डोक्याला फुलाफुलांचा रुमाल, मांडीवर प्लास्टिकच्या पिशवीत जपून ठेवलेला पासपोर्ट.

“घरी सगळं सांगितलं मी हिला,” पेत्रो सुलेखाकडे न बघता म्हणाला. “चूक माझी होती, असं ही म्हणते. आणि पंधरा दिवस डोकं खातेय. आधी हिचं लिहा.”

सुलेखाने लॅपटॉप उघडला. म्हातारीने नाव सांगितलं, जन्मतारीख सांगितली, आणि गावाचं नाव विचारल्यावर रस्ता, घर नंबर, शेजाऱ्यांची आडनावंसुद्धा सांगितली. सुलेखाने तिला मध्येच थांबवलं नाही. फाईलमध्ये आधी शहाऐंशी नावं होती, हे सत्त्याऐंशीवं.

“निवडणूक कधी आहे?” म्हातारीने विचारलं.

“अजून ठरलेलं नाही, आजी.”

“मग माझ्या पोराचंही लिहून टाक,” म्हातारी म्हणाली, आणि पेत्रोने खिशातून आपला पासपोर्ट काढला.