रिठ्याच्या पाण्यातल्या कुड्या

ती घटना आजही आठवते. निदान काल संध्याकाळपर्यंत तरी पुरती आठवत होती, म्हणून घाईने लिहून काढतो आहे.

मी तेव्हा चेन्नईत निरीक्षक होतो. अड्यारमधून एका सुनेचा फोन आला. सासूबाईंच्या हिऱ्याच्या कुड्या गेल्या, डबी रिकामी. घर आमच्यासारखेच तंजावरी मराठी. सून मात्र पुण्याची, सिरुसेरीत नोकरीला. ऐंशी ओलांडलेल्या सासूबाईंनी सरळ कामवालीकडे बोट दाखवले. "तिनंच घेटली. घरांत दुसरं कोण येते, बा?" ही बाई बारा वर्षे त्यांची वेणी घालत होती.

बाईमाणसाची चौकशी तिच्या घरीच करावी, असा नियम. मी तिला ठाण्यात आणले. कपाटाची किल्ली तिच्याकडे असे, एवढे मला पुरले. महिला शिपाई शेजारी बसवून चार तास तेच तेच विचारले, आवाज चढवला. ती रडली नाही, त्याचाच मला जास्त संशय आला.

शेवटी ती कंटाळून सासूबाईंबद्दल म्हणाली, "मी काय सांगू, सार? पाट्टी सकाळपासून बहिणीच्या लग्नाला निघाल्यात. रेशमी साडी काढ म्हणाल्या, काढून दिली."

"कुठल्या बहिणीचं लग्न?"

"ती वारून वीस वर्षं झाली, सार."

माझे लिहिणे थांबले. लग्नाला निघण्याआधी माझी आई कुड्या रिठ्याच्या पाण्यात भिजत घालायची, हिरे लखलखावेत म्हणून.

कामवालीला जीपमध्ये घेऊन तसाच त्या घरी गेलो. न्हाणीघरात वाडगा होता. "मला वाटलं, आईंनी केसांसाठी रिठे भिजवलेत," सून म्हणाली. मी बोटे बुडवली. कुड्या तळाशी होत्या.

सासूबाईंनी कामवालीपुढे कान केला. "घाल गं. उशीर होतंय." तिने दोन्ही मळसूत्रे घट्ट फिरवली, त्यांचा पदर सारखा केला आणि माझ्याकडे न बघता निघून गेली. त्या घरी ती परत आली नाही, असे पुढे कळले. मी माफी मागायला हवी होती. मागितली नाही. तक्रार निकाली काढली.

म्हातारे माणूस खोटे बोलत नसते, ते दुसऱ्याच दिवसाबद्दल बोलत असते, एवढे मी त्या दिवशी शिकलो.

अशा आठवणींत नावे देत नाहीत. तिचे मात्र द्यायचे मी ठरवले होते, कुणीतरी तिला वाचून दाखवेल म्हणून. चार तास तेच नाव घेऊन मी तिच्यावर ओरडलो होतो. सकाळपासून बायकोला विचारतो आहे, जुन्या डायऱ्या उलटतो आहे. सुनेचे नाव आठवते. महिला शिपायाचेही आठवते. तिचे आठवत नाही.