पदराला काय बांधलं

ठमीआत्या म्हणजे माझ्या बापाची थोरली बहीण. तळा या तालुक्याच्या गावाअलीकडे, डोंगराच्या अंगाला आमचं गाव, आणि गौरीचा फेर धरला की गाणं सांगणारी गावात ती एकटी. सांगणारी म्हणजे कडवी तिने म्हणायची आणि बाकीच्या बायकांनी झेलायचं, धृपद तेवढं उचलायचं. कडवी पाठ करायच्या भानगडीत कुणी पडली नाही. कशाला पडतील? ठमी होती ना.

शाळेचं तोंड तिने पाहिलं नव्हतं. भातलावणीच्या चिखलात वाकल्या वाकल्या ओळी जुळवायची आणि कोणी म्हटलं, आत्या, हे तुझं गाणं का, तर खेकसायची की गौरीचं हाय, माझं कुठलं. स्वभावाने खट. फेरात एखादीचं पाऊल चुकलं तर गाणं न थांबवता त्याच चालीवर तिचा उद्धार करायची, आणि बाकीच्या हसता हसता तोही झेलायच्या.

तिचा एक नियम मात्र कडक होता. पाठवणीचं गाणं फक्त गौर घरातून निघते त्या दिवशीच म्हणायचं. एरवी म्हटलं तर गौर अवेळी उठून चालती होते आणि घर उघडं पडतं, असं ती मानायची. गुणगुणायचीसुद्धा नाही.

बारा वर्षांपूर्वी मुंबईच्या लोककलेच्या एका संस्थेची बाई मशीन घेऊन आली, ती ऐन वैशाखात. तिने कागद वाचून दाखवला, रेकॉर्डिंग कुठे ठेवणार, कोण ऐकणार, सगळं समजावलं, आत्याचा अंगठा घेतला आणि कागदाची एक प्रत तिच्या हातात दिली. आत्या दोन दिवस गायली. चौदा गाणी झाली. पाठवणीचं मागितलं तेव्हा म्हणाली, त्याला गौरीला या. बाई हो म्हणाली, पण त्या भाद्रपदात काही जमलं नाही, मग पुढे राहूनच गेलं.

मी मात्र आलो. मला कुणाचा कागद लागत नव्हता.

तेव्हा तळ्याच्या स्टँडसमोर माझं मोबाईलचं दुकान होतं. बाहेर पाटी: गाणी, पिक्चर भरून मिळतील. अमुक गावची पालखी, तमुक गावची होळी, कुठल्या कंपनीची सीडी, कुठून कुठून उतरवलेलं सगळं मी मेमरी कार्डात कोंबून द्यायचो. कुणाचं आहे हा प्रश्न मला कधी पडला नाही, आणि घेणाऱ्यालाही पडला नाही. त्या वर्षी आत्याच्या अंगणात कुडाआड उभा राहून मी पाठवणीचं गाणं मोबाईलवर उतरवलं. तिला विचारलं नाही. घरचीच आहे, तिला काय विचारायचं!

कार्डं धडाधड गेली. मुंबईला नोकरीला गेलेली आमची पोरं तर खास ते गाणं मागून न्यायची. मग आठ दिवसांत स्टँडच्या मागचा स्वप्निल तेच गाणं भरून द्यायला लागला. माझं डोकं फिरलं. मी चोरलेलं गाणं दुसऱ्याने चोरलं याचा मला इतका राग आला, की मी गाण्यात माझाच आवाज घातला. चार ठिकाणी, चांगला घुमवून: "हर्षद मोबाईल, तळा! स्टँडसमोर!" आणि मूळचं साफ गाणं जागा खातंय म्हणून पुसून टाकलं. फार हुशार समजत होतो मी स्वतःला.

दुसऱ्या वर्षी गौर निघायच्या वेळी मीच अंगणात स्पीकर आणून ठेवला. आत्या पदर खोचून उभी राहिली, तर मी म्हणालो, कशाला घसा फोडतेस, लावतो ना मी. बायकांनाही बरं वाटलं, आवाज मोठा येत होता. स्पीकर गायला लागला आणि आत्या ओट्यावर जाऊन बसली. मी विचारलं, झेलत का नाहीस? ती म्हणाली, "मशीनला झेल देऊन काय व्हनार? त्याला कुठं ऐकू येतं?"

तेव्हापासून दर वर्षी स्पीकरच. ती ओट्यावर बसायची आणि गौर जायची. एकदा तरी तिला उठवावं, असं आमच्यापैकी कुणाच्याही मनात आलं नाही. माझ्याही नाही.

या शिमग्यात तिला लकवा मारला. उजवा हात गेला, वाचाही गेली. समजतं सगळं, डोळे फिरतात, पण तोंडातून नुसता हुंकार. तिची नात प्राप्ती माणगावला कॉलेजात आहे. तिने घरात सांगून टाकलं की यंदा गौरीला स्पीकर नको, पाठवणीचं गाणं ती स्वतः म्हणणार, आजीसमोर. ते ऐकून आत्याचे डोळे वाहायला लागले. कित्येक महिन्यांत पहिल्यांदा कुणी तिला काही दिलं असेल, तर ते हे.

आता शब्द हवेत. मी जुनं कार्ड काढून दिलं. प्राप्तीने ते ऐकलं आणि माझ्याकडे पाहिलं. म्हणाली, काका, हे चोरीचं आहे, आणि वर घाणही करून ठेवलीय, मला नीट रेकॉर्डिंग हवंय. मी हसलो. म्हटलं, नीट म्हणजे काय, आपल्या गावच्या गौरीचं रेकॉर्डिंग काय सरकार करतं?

तिने आजीची ट्रंक उपसली. लुगड्यांच्या तळाशी तो कागद घडी घालून ठेवलेला. बारा वर्षं जपलेला! प्राप्तीने संस्थेला मेल पाठवला, कागदाचा फोटो जोडला, आणि चार दिवसांत उत्तर आलं. चौदाच्या चौदा गाणी, आवाज इतका साफ की मध्येच आत्याच्या बांगड्या वाजलेल्या ऐकू येतात. आणि प्रत्येक गाण्याखाली लिहिलेलं: रचना आणि गायन, ठमीबाई, पुढे गावाचं नाव. तिचं नाव असं लिहिलेलं मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं. माझ्या कार्डावर कधी लिहावंसं वाटलं नव्हतं.

पण पंधरावं गाणं तिथे नव्हतं. कसं असणार? बाई वैशाखात आली होती.

म्हणजे झक मारत माझ्याच कार्डाकडे यावं लागलं. चारपैकी तीन ठिकाणी माझा आवाज धृपदावर पडला होता, ते बायकांना पाठ होतं, निभावलं. चौथा शेवटच्या कडव्यात पडला होता.

"उंबऱ्याशी थांब गं, गौराई बाय,
पदराला बांधून देते..."

आणि तिथे मी ओरडतो. माझं ओरडणं संपेपर्यंत आत्या पुढच्या धृपदावर गेलेली.

पदराला काय बांधलं? गावातल्या सगळ्या बायकांना विचारलं. कुणी तांदूळ म्हणे, कुणी हळकुंड. ज्यांनी तीस वर्षं झेललं त्यांनाही नक्की सांगता येईना, कारण कडवं ठमीचं आणि हल्ली तर स्पीकरचं. प्राप्ती आजीपुढे बसून एकेक विचारत गेली. सुपारी? आत्या मान हलवी, नाही. खोबरं? नाही. माती, शेतातली? नाही. तेरड्याचं फूल? नाही. दोन दिवस हे चाललं. शेवटी आत्याने डाव्या हाताने स्वतःचाच पदर मुठीत धरून ओढला, काहीतरी दाखवायची धडपड केली, तोंडाने नुसता आवाज काढला आणि भिंतीकडे तोंड फिरवलं. नंतर प्राप्तीने विचारणं बंद केलं. मी बाहेर उभा होतो. मला आत जायची लाज वाटली.

गौर निघायचा दिवस आला. आत्याला खुर्चीत बसवून अंगणात आणलं. तेरड्याची गौर सुपात घेऊन सून उंबऱ्यात उभी राहिली, बायकांनी फेर धरला आणि प्राप्ती गायला लागली. आवाज आजीचाच, थोडा कोवळा. आत्याचा डावा हात मांडीवर ताल धरत होता. फेर झेलत होता. मला वाटलं, निभावलं बहुतेक.

"उंबऱ्याशी थांब गं, गौराई बाय, पदराला बांधून देते..."

प्राप्ती थांबली. तिने खोटा शब्द घालायचा नाही असं ठरवलं होतं, ती जागा ती मोकळी सोडणार होती. पण फेरात बारक्या पोरी होत्या, आठ-दहा वर्षांच्या. त्यांनी हे गाणं जन्मापासून स्पीकरवरच ऐकलेलं. त्यांना वाटलं, ताई विसरली. सगळ्याजणी एका सुरात, अगदी चालीत बसवून गायल्या:

"हर्षद मोबाईल, तळा, स्टँडसमोर."

कुणी हसलं नाही. आत्याचा हात मांडीवर थांबला. प्राप्तीने पुढचं धृपद उचललं, बायकांनी झेललं, आणि गौर उंबरा ओलांडून गेली.

ते दुकान बंद होऊन सहा वर्षं झाली.