तीन मजल्यांचं दार

माझ्या सासऱ्यांना सगळे 'सावकाश' म्हणतात. हे टोपणनाव आहे, पण त्यांचं खरं नाव विचारलं तर त्यांच्या जुन्या गाडीवाल्यालाही डोकं खाजवावं लागेल. आयुष्यभर त्यांनी लोकांची बिऱ्हाडं हलवली. पाठीला पट्टा लावून कपाटं, फ्रीज, पलंग जिन्यांवरून वर-खाली केले. जिन्याचं वळण आलं की खालच्या माणसाला ते एकच शब्द ऐकवायचे, "सावकाश." तोच त्यांना चिकटला.

मी बरोब्बर उलटा. झेरॉक्सची मशिनं दुरुस्त करतो, दिवसभर स्कूटरवरून या ऑफिसातून त्या ऑफिसात पळतो, आणि लिफ्टचं बटण पेटलेलं असलं तरी पुन्हा दाबतो. बायको म्हणते, याला कुणी आधीच चावून दिलेलं जेवण मिळालं तर हा आणखी खूश होईल. अशा माणसाने 'सावकाश'ना अंतराळात भटकण्याचा व्हिडिओ गेम शिकवावा, हा आमच्या घरातला त्या वर्षीचा सगळ्यात मोठा विनोद होता.

पण त्यामागे कारण होतं, आणि ते विनोदी नव्हतं. सासूबाई पाय घसरून पडल्या, खुब्याचं हाड मोडलं, ऑपरेशन झालं. डॉक्टरांनी बजावून सांगितलं की आता जिना कायमचा बंद. सासऱ्यांचं घर तिसऱ्या मजल्यावर आणि इमारतीला लिफ्ट नाही. तशा त्या आधीपासूनच धापा टाकत चढायच्या. सासऱ्यांनी त्यांच्यासाठी दुसऱ्या मजल्याच्या वळणावर एक लाकडी स्टूल ठेवलं होतं. तिथे टेकायचं, श्वास जुळवायचा आणि मग वर जायचं. शेजाऱ्यांना ते वाटेत यायचं, पण कुणी हलवलं नाही. ऑपरेशननंतर तेवढ्याने भागणार नव्हतं. सासरे म्हणाले की खुर्चीला पट्टे बांधतो, माझी दोन माणसं बोलावतो आणि हिला अलगद वर नेतो.

"मी कपाट नाही," सासूबाई म्हणाल्या आणि तो विषय तिथेच संपला.

आमचं घर तळमजल्यावर, म्हणून सासूबाई आमच्याकडे आल्या. सासरे मात्र आले नाहीत. संध्याकाळी चालत यायचे, सासूबाईंशेजारी बसायचे, जेवायचे, आणि हात पुसता पुसता चपला शोधायला लागायचे. घर बंद राहिलं तर बरं नाही, हे त्यांचं ठरलेलं उत्तर. बायको त्यांच्याशी भांडली, रडली, अबोला धरून पाहिला. काही उपयोग नाही. जावयाच्या घरी राहायचा संकोच असेल म्हणून मीही एकदा स्पष्ट बोललो, तर माझ्या पाठीवर थाप मारून ते निघून गेले.

सासूबाई त्यांना थांबा म्हणाल्या असत्या तर गोष्ट वेगळी झाली असती. पण त्या मूग गिळून बसल्या होत्या. यांनी अख्ख्या गावाची बिऱ्हाडं हलवली, स्वतःचं कधी हलवायचं हे मी सांगायचं का, असं त्या लेकीला म्हणाल्या होत्या. तिकडे सासऱ्यांच्या मनातून ती एक दिवस वर येईल हे काही जात नव्हतं. दोघेही हट्टाला पेटलेले. सासूबाई रोज संध्याकाळी सोफ्यावर त्यांची उशी काढून ठेवायच्या आणि ते गेले की न बोलता उचलून कपाटात ठेवायच्या. मला ते बघवायचं नाही.

म्हणून मी गेमची युक्ती काढली. म्हाताऱ्याला काहीतरी नाद लागला तर तासभर तरी जास्त थांबेल, एवढाच माझा हिशेब. एक यान असतं, त्यातून या ग्रहावरून त्या ग्रहावर जायचं, दगड-धातू गोळा करायचे, आवडेल तिथे घर बांधायचं. आश्चर्य म्हणजे त्यांना तो आवडला. सामान खोक्यात नीट रचायचं असतं म्हणून असेल.

फक्त त्यांची खेळायची पद्धत बघून माझ्या नाकी नऊ आले. त्या गेममध्ये टेलिपोर्टर नावाची सोय आहे. घरात सगळे त्याला 'दार'च म्हणतात. दोन टोकांना दोन दारं उभी करायची आणि वीज जोडायची. एका दारात शिरलं की दुसऱ्यातून बाहेर, मग मधे कितीही तारे असोत. मी तर घरातल्या घरात फिरावं तसा त्यातून फिरायचो. सासरे दाराच्या वाटेला जायचे नाहीत. यानातून जायचे, तेही हळू. उतरल्यावर चालायचे.

मी एकदा वैतागून विचारलं की दाराने काय वाकडं केलंय तुमचं. तेव्हा त्यांनी मला शेवटच्या फेरीबद्दल सांगितलं. सगळं सामान गाडीत चढलं, दोर आवळले, की एक माणूस पुन्हा वर जातो. रिकाम्या खोल्या बघतो, दारामागे, माळ्यावर, मोरीत. काही ना काही राहिलेलं असतंच. खिळ्यावरचा फोटो, खिडकीतली किल्ली. एकदा तर एका घरातल्या आजीच राहिल्या होत्या. या गाडीतल्यांना वाटलं त्या गाडीत असतील, त्या गाडीतल्यांना वाटलं या गाडीत, आणि आजी मागच्या खोलीत निवांत झोपलेल्या. ही फेरी मारायची ती हलवणाऱ्यांपैकी एकाने. घरवाल्याला रिकाम्या खोलीत पाठवायचं नाही, तो तिथेच बसून राहतो, असं ते म्हणाले.

"तुमच्या दारातून माणूस क्षणात जातो," ते म्हणाले. "मग मागे वळून कोण बघणार?"

म्हणून प्रत्येक ग्रह सोडताना ते आपल्या झोपडीभोवती एक चक्कर मारायचे आणि खोक्यांमागे वाकून बघायचे. मी जीभ चावून गप्प बसायचो. तेवढा वेळ ते आमच्याकडे होते, हे काय कमी होतं?

त्यांचा पहिला ग्रह अगदीच भिकार होता, सारखी विषारी वादळं. मी त्यांच्यासाठी एक शांत, हिरवा ग्रह शोधून दिला आणि इथे नवं घर बांधा म्हणालो. त्यांनी ते मनावर घेतलं. आता ते दुपारपासूनच यायला लागले. मी कामावरून आलो की मात्र पडद्यावर भलतंच काहीतरी चालू असायचं, झाडं बघणं नाहीतर दगड फोडणं. घराचं विचारलं की काम चालू आहे म्हणायचे, ताकाला तूर लागू द्यायचे नाहीत. सासूबाईंचं पडद्याकडे लक्ष नसायचं. दुपारी तर त्या आत झोपलेल्या असायच्या.

एका संध्याकाळी त्यांना यायला उशीर झाला. मला कुठे धीर? मी गेम लावला आणि सरळ त्यांच्या नव्या ग्रहावर उतरलो. सासूबाई शेजारी वाटाण्याच्या शेंगा सोलत बसल्या होत्या.

समोर एक अरुंद, उंच इमारत उभी होती. मला हसू फुटलं. एवढा मोकळा ग्रह, पाहिजे तेवढी जागा, इथे लोक ऐसपैस घरं पसरतात, आणि आमच्या सासऱ्यांनी चढवले होते तीन मजले. बाजूने जिना. मी वर निघालो. दुसऱ्या मजल्याच्या वळणावर एक स्टूल होतं. वर दोन खोल्या, खिडकीखाली ओटा, ओट्याच्या बाजूला फळी.

शेंगांचा आवाज थांबला. सासूबाई म्हणाल्या, "हे तर आमचं घर आहे."

ओट्याजवळ एक टेलिपोर्टर उभा होता. मी मनात म्हटलं, चला, शेवटी वापरलं एकदाचं. कुठल्या लांबच्या ताऱ्यावर जातोय बघू, म्हणून आत शिरलो. बाहेर आलो तर त्याच इमारतीच्या पायथ्याशी, जिन्याच्या पहिल्या पायरीजवळ. पुन्हा शिरलो, पुन्हा ओट्यापाशी. मी मोठ्याने हसलो. ज्या यंत्राने आकाशगंगा ओलांडायची त्याची यांनी लिफ्ट करून ठेवली, असं काहीतरी बोललोही.

सासूबाई हसल्या नाहीत. हे काय आहे ते नीट सांगा म्हणाल्या. मी सांगायला लागलो की खाली या दारात पाय ठेवायचा, की सरळ वर स्वयंपाकघरात, मधे एकही पायरी चढायला लागत नाही. शेवटचे शब्द बोलताना माझाच आवाज खाली गेला. सगळ्या गेममध्ये या माणसाने हीच एक दारांची जोडी बांधली होती, आणि ती कुणासाठी हे माझ्यासारख्या घाईतल्या गाढवालाही कळलं.

"पुन्हा करून दाखवा," सासूबाई म्हणाल्या. मी केलं. त्यांनी पुन्हा सांगितलं, मी पुन्हा केलं. खाली, वर. खाली, वर.

मागे सासरे कधी येऊन उभे राहिले कळलं नाही. पडद्यावर काय आहे ते त्यांनी पाहिलं आणि चोरी पकडली गेल्यासारखे एकदम आपल्या चपलांकडे बघायला लागले.

"जमतं का बघत होतो," ते म्हणाले. "यात जमतं."

सासूबाईंनी शेंगांचं ताट बाजूला ठेवलं.

"मला वर नेणारं दार कुणी करणार नाही," त्या म्हणाल्या. "तुम्ही खाली या. हे मी आधीच म्हणायला हवं होतं. मला तुमच्याशिवाय करमत नाही."

इतकी वर्षं त्या घरात जावई म्हणून वावरतोय, पण असं वाक्य मी दोघांच्याही तोंडून कधी ऐकलं नव्हतं. सासरे घसा साफ करून म्हणाले, "सामान तसं फार नाही." माझा जीव भांड्यात पडला. त्या रात्री उशी सोफ्यावरच राहिली.

बिऱ्हाड हलवायला त्यांची जुनीच माणसं आली. सासरे सवयीने पट्ट्याला हात घालायला गेले, तर त्या माणसांनी पट्टा काढून घेतला आणि तुम्ही आज घरवाले, खाली जाऊन बसा म्हणाले. ते जिना उतरायला लागले तेव्हा वरून एकजण ओरडला, "सावकाश." सगळे हसले, तेही हसले. सामान गाडीत चढलं. सासरे ड्रायव्हरशेजारी बसले होते. मला बोलावून त्यांनी घराची किल्ली माझ्या हातात ठेवली आणि शेवटची फेरी तुम्ही मारा म्हणाले.

आयुष्यभर इतक्या मंडळींना शिकवलं, आणि विश्वास टाकला तो लिफ्टचं बटण दोनदा दाबणाऱ्यावर. मी वर गेलो. दोन्ही खोल्यांत फिरलो, माळ्यावर चढलो, दारामागे पाहिलं, मोरीत पाहिलं, ओट्याखाली वाकलो. एवढं सावकाश मी काहीच कधी केलं नव्हतं. ओट्यासमोर जरा उभा राहिलो आणि पडद्यावरचं ते दार इथेच होतं हे आठवून मला रडू आलं. घरात काही राहिलं नव्हतं. कुलूप लावून मी उतरायला लागलो.

दुसरा मजला ओलांडून दोन पायऱ्या खाली गेलो आणि थांबलो. वळणावर ते स्टूल होतं. ते घरात नव्हतं, म्हणून हलवणाऱ्यांनीही घेतलं नव्हतं. मीही इतकी वर्षं त्याला वळसा घालून जात होतो, जणू ते जिन्याचंच. सासूबाई आमच्याकडे आल्यापासून सासरे रोज रात्री त्याच्या बाजूने एकटे वर जात होते. त्यांनी ते उचललं नव्हतं.

मी ते खाली आणलं आणि गाडीत मागे टाकायला निघालो. सासऱ्यांनी खिडकीतून हात बाहेर काढला आणि इकडे द्या म्हणाले. आमच्या घरापर्यंत त्यांनी ते मांडीवरच धरून ठेवलं.

सासूबाई वॉकर धरून आमच्या दारात उभ्या होत्या. गाडीभर सामान सोडून त्यांची नजर आधी स्टुलावर गेली.

"ते कशाला आणलंत?" त्या म्हणाल्या. "इथे जिना कुठे आहे?"

सासऱ्यांनी ते दाराशी ठेवलं, हलतं का ते बघितलं, आणि सासूबाई त्याच्यावर बसल्या.