बारा नावे

म्हैसूरच्या बंदिस्त बास्केटबॉल मैदानावर मी चाळीस वर्षे निवेदन केले. पोटाचा धंदा शिवणकामाचा, निवेदन संध्याकाळचे. सामन्यापूर्वी अर्धा तास दोन्ही कर्णधारांकडे जायचे, बाराही खेळाडूंची नावे त्यांच्या तोंडून ऐकायची, वहीत लिहायची आणि तशीच उच्चारायची. नाव पुकारले की खेळाडू बाकावरून उठून रेषेवर येतो. बारा पुकारायची, बारा उभे राहायचे. घरच्या संघाला एक आवाज आणि पाहुण्यांना दुसरा, असे मी कधी केले नाही.

बन्नूरचा एक गृहस्थ बसने येत असे. त्याची मुलगी तीन वर्षे राखीव राहिली. तो तिचे नाव ऐके, सामना शेवटपर्यंत पाही आणि जाई. आम्ही कधी बोललो नाही.

यंदा मुलींच्या स्पर्धेची व्यवस्था एका कंपनीकडे गेली. व्यवस्थापक पुण्याकडचा, तिशीतला. पहिल्याच दिवशी टेबलाशी आला.

"काका, बारा नावं कशाला? खेळणार पाच. पाचच वाचा."

"गणवेश बारा जणींनी घातला आहे."

"तेवढ्या वेळात एक जाहिरात होते हो."

"नावांनंतर करा."

तो हसला. "तुमचं मराठी अर्धं कानडी झालंय काका, पण हट्ट अजून पुरता मराठी आहे."

मी वही उघडली. बारा आणि बारा, चोवीस नावे वाचली. सामना संपल्यावर त्याने सांगितले, उद्यापासून ध्वनिक्षेपकावर दुसरा माणूस बसेल; तुम्ही पाहुणे म्हणून या, चहा घ्या.

दुसऱ्या दिवशी पिरियापट्टण आणि बन्नूरच्या मुलींचा सामना होता. मी नेहमीच्या वेळी गेलो. नावे विचारू नका, असे मला कोणी सांगितले नव्हते. दोन्ही कर्णधारांनी ती सांगितली. मी लिहून घेतली आणि पायऱ्यांवर बसलो.

नव्या निवेदकाने दोन्हीकडची पाच-पाच नावे वाचली. त्यांपैकी दोन चुकली. मग जाहिरात लागली. राखीव मुली बाकावर बसून राहिल्या. एक अर्धवट उठली होती, ती पुन्हा बसली.

जाहिरात संपली. मी उभा राहिलो आणि पिरियापट्टणच्या उरलेल्या सात जणींची नावे वाचू लागलो. ध्वनिक्षेपक नव्हता. आवाज होता. पहिल्या नावाला कोणी हलले नाही. मी ते पुन्हा वाचले. ती मुलगी उठून रेषेवर आली. मग बाकीच्या आल्या, एकेक. पंचाने तोंडाशी नेलेली शिट्टी खाली घेतली.

व्यवस्थापक पायऱ्या चढून माझ्याजवळ आला. आवाज दाबून म्हणाला, "काका, झालं ना तुमच्या मनासारखं? आता बसा. लोक बघतायत."

"बन्नूरच्या सात जणी राहिल्या आहेत," मी म्हणालो आणि पान उलटले.