आईच्या अंगातलं वारं

आमच्या थोरल्या काकांसारखा रिकामटेकडा शहाणा मी उभ्या लालबागात दुसरा पाहिला नाही. संप सुरू झाला, गिरणीचा भोंगा बंद पडला, चाळीतले बाकीचे पुरुष मिळेल त्या कामासाठी वणवण करू लागले. काकांना मात्र घरबसल्या धंदा सापडला. तो म्हणजे माझी आई.

आईला अधूनमधून छातीत धडधड व्हायची. बसल्याजागी सुरू व्हायची, अंग घामाने भिजायचं, हातपाय लटपटायचे, आणि आली तशी एकदम थांबायची. त्या वर्षी गणपतीच्या आरतीत तिला तसंच झालं आणि ती भिंतीला टेकून खाली बसली. काकांनी डोळे मिटून जाहीर केलं, "वारा इला." झालं, देवी अंगात आली म्हटलं की आमच्या कोकणातल्या लोकांना तेवढं पुरतं. बायकांनी तिला कुंकवाने माखलं, ओटी भरली, पाया पडल्या आणि कौल मागितला, संप कधी मिटणार? आई काहीतरी पुटपुटली. काकांनी तिच्या तोंडाशी कान नेला आणि सांगितलं, "दसऱ्याच्या आत." दसरा गेला, भोंगा काही वाजला नाही. काका म्हणाले, विचारणाऱ्यांच्या मनात किंतु होता. सगळ्यांनी मुंडी हलवली.

त्यानंतर आईला धडधडायला लागलं की बायका ताट घेऊन दारात हजर. डॉक्टरचं नाव काढायची सोय नव्हती. बाबा भावापुढे ब्र काढत नसत आणि त्या भित्रेपणाला मोठ्यांचा मान म्हणत. काकांच्या स्वतःच्या छातीत एकदा गॅस धरला, तेव्हा त्यांना देवीबिवी काही आठवली नाही. टॅक्सी करून थेट इस्पितळ गाठलं.

संप मिटायचा राहूनच गेला. गिरणी पाडली, तिथे काचेची इमारत उभी राहिली, मी परळला नोकरीला लागले, तरी आईची धडधड चालूच. पुढे पुढे तर ती शुद्ध हरपून पडायला लागली. जिन्यात पडून डोकं फुटलं, तेव्हा मी कुणाला न विचारता तिला परळच्या इस्पितळात नेलं. तिथल्या डॉक्टरीणबाईंनी कागदावर हृदय काढून समजावलं. आईच्या हृदयात जन्मापासून विजेची एक जादा वाट होती, ठोका तिच्यात शिरला की गोल गोल पळत सुटायचा. जांघेतल्या शिरेतून तार आत न्यायची आणि तेवढीच जागा जाळायची. याला अॅब्लेशन म्हणतात, छाती उघडावी लागत नाही. नाही केलं तर पुन्हा कुठे पडेल सांगता येत नाही, असंही त्या म्हणाल्या.

काका माझ्यावर कडाडले, "देवीक जाळूक निघालंस? घराचा वाटोळा होतला." बाबा भिंतीकडे बघत बसले. मला दोघांचीही किळस आली. पण होकार आईचा हवा होता, आणि तिने जन्मात काकांचा शब्द मोडला नव्हता. ती उठली, लुगडं बदललं आणि म्हणाली, "चल गो."

आतलं तिनेच मला नंतर सांगितलं. जांघ तेवढी बधिर केली होती, ती जागीच होती. नेमकी वाट सापडावी म्हणून डॉक्टरीणबाईंनी तारेने मुद्दाम धडधड सुरू केली आणि विचारलं, "नेहमी होतं ते हेच का?" आई म्हणाली, हेच. मग जाळलं. पुन्हा सुरू करून बघितलं, तर होईना.

संध्याकाळी ती पाय सरळ ठेवून पलंगावर पडली होती. काका अंगारा घेऊन आले. माणसाला काही लाज असते, यांना तीही नव्हती. वाकून हळूच विचारतात, "जाताना देवी काय बोलली?"

आईने पहिल्यांदाच त्यांच्या डोळ्यांत बघितलं.

"देवी कधीच काय बोलली नाय, भावोजी. दरवेळी मीच बोलत होते. वाईच पाणी द्या म्हणत होते."