धुरपदाअक्काचं नाक

धुरपदाअक्काला एखादी गोष्ट आवडल्याचं आमच्या असोद्यात कुणी पाहिलेलं नाही. लग्नाच्या पंगतीत भरीत वाढलं की अख्खं गाव बोटं चाटतं. अक्का आधी पत्रावळीचा वास घेते, मग भरताचा, मग वाढणाऱ्याचा. तिघांपैकी एक तरी नापास होतोच. मग तिचा पदर नाकाला जातो, ओठ एका बाजूला सरकतात आणि शब्द येतो, "घाण."

या एका शब्दावर तिनं पंचाहत्तर वर्षं काढली. माहेर अमळनेरकडचं, बोली अजून तिकडचीच. "बठ्ठं घाण शे रे भो," असं ती म्हणाली की त्यात दूध, सरकार, जावई आणि हवामान एकदमच येतं. मी तिच्या गल्लीतला. लहानपणी आमच्या घरचा चहा ती बशीत ओतून, उजेडाला धरून, तपासून प्यायची आणि वर माझ्याकडे बोट करून आईला विचारायची, "याचं नाव समाधान कोनी ठेवं?"

अशा बाईला प्रवासाची हौस असेल असं कुणाला वाटेल? पण पंचाहत्तरी ओलांडली की एसटीला तिकीट लागत नाही, हे तिला कळलं आणि तिनं बटवा कमरेला खोचला. वर्षभरात धुळं झालं, भडगाव झालं, नाशिक झालं. प्रत्येक ठिकाणचा अहवाल एकच. धुळ्याच्या स्टँडवरचं पाणी घाण, भडगावची मिसळ घाण, नाशिकची तर माणसंही घाण. "मग जातेस कशाला?" असं विचारलं तर म्हणायची, "फुकट शे ना!"

यंदा जानेवारीत मात्र ती आमच्या ओट्यावर येऊन बसली आणि म्हणाली, "समाधान, माले अजिंठा देखनं शे."

मी चमकलो. कारण अजिंठा हे नाव अक्काच्या घरात निघत नसे.

तिचा नवरा वनाआबा तेलाच्या गिरणीत होता. गिरणी बंद पडली तेव्हा कुणाच्या तरी ओळखीनं त्याला अजिंठ्याच्या लेण्यांत रोजंदारीचं काम लागलं. झाडलोट. म्हणजे मुख्यतः वटवाघळांची घाण काढायची. बारा वर्षं त्यानं तेच केलं. आठवड्याभरानं रविवारी संध्याकाळी घरी यायचा आणि मंगळवारी पहाटेच्या गाडीनं परत. तो गल्लीच्या तोंडाशी आला की अक्काला घरात कळायचं. वटवाघळांचा वास ज्यानं घेतला नसेल त्याला तो सांगता येणार नाही. कुजट, तिखट, घशात उतरणारा. अक्कानं नियमच घालून दिला होता. अंगणात बादली, बादलीत फिनेलचे चार थेंब. कपडे बाहेरच काढायचे, आंघोळ बाहेरच करायची आणि दोन्ही रात्री झोपायचं ओट्यावर. घरात यायचं नाही.

आबा हसायचा. बादली डोक्यावर ओतताना गल्लीला ऐकू जाईल असं म्हणायचा, "एकदा तठे चाल तरी. येवढा मोठा बुद्ध निजेल शे, त्याच्या पायापाशी झाडस मी!" आतून उत्तर यायचं, "त्यालेच फिनेल घाल!"

त्या काळात बौद्धवाड्यातून अजिंठ्याला चार वेळा तरी गाडी गेली असेल. अक्का एकदाही गेली नाही. आबा जाऊन आता पाच वर्षं झाली.

"आत्ताच कसं काय सुचलं, अक्का?" मी विचारलं.

"तो कोनती घाण काढे, ती देखनी शे," ती म्हणाली. "बाकी काही नही." आणि उठताना आमच्या ओट्याच्या फरशीकडे बघून "घाण," म्हणाली.

दिवस तिनंच ठरवला. सोमवार. मी शाळेत कारकून, रजा टाकली. सकाळी जळगावच्या स्टँडवर ती मला भेटली ती पिशवीसकट. पिशवीत स्वतःचा पेला, दशम्या, लिंबं, सीट पुसायला फडकं आणि फडक्याला लावायला बाटलीत फिनेल. संभाजीनगरच्या गाडीत तिनं खिडकीची सीट धरली आणि पुसायला घेतली. मागचा म्हणाला, "आजी, ऑपरेशन आहे का?" अक्का म्हणाली, "तुनं कराले लागी. तोंड बंद ठेव."

नेरीपर्यंत तिनं खिडकीची काच, कंडक्टरची नखं आणि पुढच्या माणसाच्या केसांचं तेल यांची वासलात लावली. पहूरच्या अलीकडे शेजारच्या बाईची लहान मुलगी ओकली. केळी खाल्ली होती, ती सगळी परत आली. निम्मी अक्काच्या लुगड्यावर. मी डोळे मिटले. अक्कानं आधी त्या बाईच्या सात पिढ्यांची चौकशी केली, "पोरले गाडीत केळं कोन देस? घाण! घाण!" आणि तसं ओरडत ओरडतच पोरीचं कपाळ एका हातानं धरलं, दुसऱ्या हातानं लिंबू तिच्या नाकाशी दिलं आणि फर्दापूर येईपर्यंत ते तसंच धरून ठेवलं. पोरगी तिच्या मांडीवर झोपली. अक्का खिडकीतून बाहेर बघत पुटपुटत राहिली, "काय वास मारी ऱ्हायनी, बाई."

लेणीफाट्यावर उतरलो. सगळं सामसूम. एक दुकानदार दगडांच्या माळा पुसत बसला होता.

"आजी, आज सोमवार," तो म्हणाला. "लेणी बंद असतात."

"बंद?" अक्का माझ्याकडे वळली. "दगडले सुटी ऱ्हास का रे?"

"दर सोमवारी असते," दुकानदार म्हणाला. "कामगारांनाही सुट्टी. मंगळवारी सकाळी या."

मी स्वतःच्या कपाळावर हात मारला. आधी फोनवर दोन बोटं फिरवली असती तर कळलं असतं. अक्काकडे पाहिलं तर ती दुकानदाराकडे बघत उभी. पदर नाकावर नव्हता, काहीच नव्हतं.

"दर सोमवारले?" तिनं विचारलं.

"हो. म्हणजे आमचाही धंदा बंदच."

मग माझ्या डोक्यात उजेड पडला. गल्लीत आबाचं नाव होतं सोमवाऱ्या. ठेवलं होतं अक्कानंच. "बठ्ठी दुनिया रविवारले सुटी घेस, हाऊ सोमवारभर ओट्यावर लोळस! कामचुकार!" असं ती बारा वर्षं दर सोमवारी सकाळी अंगण झाडताना सांगत आली होती. पोरंसुद्धा त्याला सोमवाऱ्या आबा म्हणायची, मीही म्हणायचो. आणि आबानं एकदाही सांगितलं नव्हतं की बाई, माझी सुट्टीच सोमवारची आहे. सांगितलं असेलही. वासामुळे ती जवळ असायची कुठं?

परतीच्या गाडीत अक्कानं सीट पुसली नाही. पहूर गेलं, नेरी गेलं. समोर एक माणूस तंबाखू मळून खिडकीबाहेर थुंकत होता, त्याचे शिंतोडे आत येत होते. अक्कानं पदरही नाकाला लावला नाही. साठ किलोमीटरमध्ये एकदाही "घाण" नाही. मला तिची नाडी बघावीशी वाटली.

घराशी आल्यावर एवढंच म्हणाली, "गुरुवारले ये."

गुरुवारी गर्दी होती. फाट्यावरून छोट्या बसनं लेण्यांच्या पायथ्याशी गेलो. डोलीवाले धावून आले. "माताजी, खुर्चीत बसा, आरामात नेतो." अक्का खुर्चीपाशी गेली, वाकली, वास घेतला. "किती लोकसना घाम शे यामा!" म्हणाली आणि पायऱ्या चढायला लागली. पंचाहत्तर वर्षांच्या गुडघ्यांना जे जमत नव्हतं ते किळसेनं जमवलं.

पहिल्या लेण्याबाहेर चपला काढायच्या होत्या. तिथं चपलांचा ढीग आणि मोज्यांचा जो दरवळ होता त्यापुढे मीही नाकाला रुमाल लावला. अक्कानं तर डोळेही मिटले. आत मंद उजेडात हातात कमळ घेतलेला तो देखणा बोधिसत्त्व दिसला. सगळे कुजबुजत होते. अक्कानं बराच वेळ त्याच्याकडे पाहिलं.

"हाऊ बरा शे," ती म्हणाली. मी कान टवकारले. "हातमा फूल शे, म्हणून टिकना या वासमा."

एकेक लेणं करत, थांबत, पाणी पीत आम्ही सव्विसाव्यापर्यंत आलो. आत डाव्या हाताला भिंतभर बुद्ध निजलेला. महापरिनिर्वाणाचा. उशीवर हात, हातावर गाल, इतका शांत की आपणच पावलं हळू टाकतो. अक्का डोक्याकडून चालत पायांपर्यंत गेली. हात जोडले, वाकली. मग वाकल्या वाकल्याच तिनं पायांजवळचा कोपरा बोटानं पुसून बघितला.

"आजी, हात लावू नका," रखवालदार म्हणाला.

"आठे कोन झाडस?"

"आहेत आमचे लोक."

"कोपरा ऱ्हाई गया," तिनं बोट त्याच्यापुढे धरलं. "मना माणूस व्हता तवय नही ऱ्हात व्हता."

हे तिला कसं माहीत, असं रखवालदारानं विचारलं नाही, मीही नाही. ती पुन्हा त्या निजलेल्या चेहऱ्याकडे वळली.

"समाधान," ती हळूच म्हणाली, "बुद्ध आतमधमा निजेल शे. आन् मना माणूस बारा वरीस ओटावर निजना."

मी तिची पिशवी खांद्याला लावली.

परतताना एका अंधाऱ्या लेण्याशी आलो. तिथं चित्रं नव्हती, म्हणून गर्दीही नव्हती. दारातच तो वास आला. कुजट, तिखट. वर छताच्या कोपऱ्यात काहीतरी काळं हललं. आमच्या पुढं शहरातली चार-पाच पोरं होती, ती "शी! शी! काय घाण आहे!" करत, नाकं दाबून, हसत बाहेर पळाली. एकाचा धक्का अक्काला लागला.

"काय शी रे?" अक्का कडाडली. "तुले पगार भेटस का वास घ्याना?"

पोरं गेली. अक्का आत गेली. मी दारातूनच बघत होतो. ती लेण्याच्या मधोमध उभी राहिली आणि नाकावरचा पदर तिनं खाली घेतला. सगळा. डोक्यावर नीट घेतला आणि उभी राहिली. श्वास घेताना तिचे खांदे वर जाताना दिसत होते. एकदा, दोनदा, कितीदा तरी. मी दोन पावलं आत गेलो आणि रुमाल नाकाला लावून परत दारात आलो. अक्का एका खांबाला पाठ लावून खाली बसली. जमिनीवर. फडकं न मारता. शिट्टी वाजवत रखवालदार आला तेव्हाच उठली.

परतीच्या गाडीत तिच्या शेजारी बसलेली एक मुलगी पहूरला उठून दुसऱ्या सीटवर गेली. अक्कानं मला कोपरानं ढोसलं आणि गालात हसली. तिला हसताना मी पहिल्यांदाच बघत होतो, दात तसे बरे होते.

असोद्यात पोहोचलो तेव्हा दिवे लागायची वेळ झाली होती. दारात सून, शिल्पा, उभी होती. अक्कानंच घडवलेली सून ती. अक्का पायरीशी आली मात्र, शिल्पानं पदर नाकाला लावला.

"आई, तिथंच थांबा! काय वास येतोय! बादली आणते, फिनेल टाकते. कपडे बाहेरच काढा."

मला वाटलं आता शिल्पाचं काही खरं नाही. पण अक्का तिथंच थांबली. ओट्याच्या उजव्या कोपऱ्यात, जिथं आबाची गोधडी पसरलेली असायची, तिथं जाऊन बसली. भिंतीला टेकली.

"बादली ऱ्हाऊ दे," म्हणाली. "मी आठेच बसस थोडं."

"अहो, पण वास..."

"माले म्हाईत शे कसाना शे तो."

शिल्पानं माझ्याकडे पाहिलं, मी मान हलवली. ती आत गेली आणि दोन कप चहा घेऊन आली. अक्काचा कप लांबूनच, हात पुढं करून ठेवला. अक्कानं तो बशीत ओतला, उजेडाला धरला, एक घोट घेतला आणि ओठ एका बाजूला सरकवले.

"घाण," ती म्हणाली, आणि बशी पुन्हा भरली.